कॅसेटमधला कॉम्प्युटर

१

गेमच्या कॅसेटमध्ये फुंकर मारणाऱ्या माणसाचा मला मनापासून राग येतो. फुंकरीबरोबर थुंकी आत जाते, थुंकीने पिना हिरव्या पडतात, आणि मग तोच माणूस माझ्या टेबलाशी येऊन म्हणतो, "बाई, आपोआप बंद पडली." आपोआप काहीही बंद पडत नाही. वीस वर्षं मी जुने व्हिडिओ गेम दुरुस्त करते आहे, एवढं तरी मला कळतं. पुढच्या खोलीत दुकान, मागच्या दोन खोल्यांत मी आणि आई. दुकानाला पाटी नाही. ज्याला गरज असते तो हुडकत येतो आणि माझी बोलणी खाऊन जातो, कारण हे काम करणारं आसपास दुसरं कोणी नाही.

चष्मेवाला त्यातलाच. जुने गेम जमवण्याचा त्याला नाद. त्या दिवशी त्याने पिशवीतून एक कीबोर्ड काढला आणि त्याच्या वरच्या कडेच्या खाचेत बसणारी एक पिवळी कॅसेट माझ्यापुढे ठेवली.

"ही कार्ट्रिज बघा जरा. मनात आलं तर चालते, नाहीतर रुसते. घाई नाही, मी महिनाभर बाहेर आहे."

कॅसेटला कार्ट्रिज म्हणणारा तो एकटाच. पण त्या दिवशी मी त्याची थट्टा केली नाही. कॅसेटवरच्या कागदाकडे बघत राहिले. टेबल, टेबलावर कॉम्प्युटर, आणि त्याभोवती दात दाखवत हसणारं एक कुटुंब. चित्रातल्या बाईच्या एका हाताला सहा बोटं होती. छापणाऱ्याला तेवढंही धड जमलं नव्हतं.

ज्यांनी ही वस्तू पाहिली नाही त्यांना सांगते. एके काळी कॉम्प्युटर साध्या माणसाच्या आवाक्यात नव्हता. तेव्हा कुठल्याशा लबाडाने साधा व्हिडिओ गेम घेतला, तो कीबोर्डच्या पोटात बसवला आणि त्यासाठी ही कॅसेट काढली. टीव्हीला जोडली की पडद्यावर निळी पाटी यायची, तिच्यावर फायलींची चित्रं, कोपऱ्यात कचऱ्याचा डबा, इकडेतिकडे फिरणारा बाण. हुबेहूब कॉम्प्युटर. त्यात लिहायला पान होतं, बेरीज करायला यंत्र होतं, वाजवायला पेटीही होती. लिहिलेलं ठेवायचं बटण दाबलं की 'ठेवलं' असंही यायचं. फक्त ते कुठेही ठेवलेलं नसायचं. बटण बंद केलं की सगळं साफ. तो कॉम्प्युटर नव्हता, कॉम्प्युटरचं चित्र होतं, आणि ज्यांनी खरा कधी पाहिला नव्हता त्यांच्या गळ्यात तो बांधला गेला.

त्यातलं एक घर आमचं. म्हणून ती पिवळी कॅसेट पाहिली आणि माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली.

२

आई टायपिस्ट होती. कचेरीत तिच्या वेगाचं नाव होतं. साहेब बोलायला लागले की त्यांचं वाक्य संपायच्या आत तिची ओळ उमटलेली असायची. ती वाचत नसे, उतरवत असे. "टायपिस्टने अर्थ लावत बसू नये, बोटं अडखळतात," हे तिचं ठरलेलं वाक्य.

मग कचेरीत नोटीस लागली की कॉम्प्युटर येणार. तीन महिन्यांनी परीक्षा, पास होतील ते कॉम्प्युटरवर बसतील, बाकीच्यांनी जावक विभागात पाकिटं चिकटवायची. आई म्हणाली, मी क्लास लावते. बाबा म्हणाले, क्लास कशाला, कॉम्प्युटरच घरी आणतो. आणि दोन दिवसांनी हीच पिवळी कॅसेट घेऊन आले. टीव्हीला जोडून कमरेवर हात ठेवून उभे राहिले. केवढी ती ऐट! त्या दिवशी शेजारपाजारचे आमच्या घरी कॉम्प्युटर बघायला आले होते.

तीन महिने आई रोज सगळी कामं आटपून त्याच्यासमोर बसली. मी नऊ वर्षांची होते. ती बाण कसा नेते, फाईल कशी उघडते, सगळं मी मान वर करून बघायचे.

परीक्षेला ती खऱ्या कॉम्प्युटरसमोर बसली आणि दहा मिनिटांत तिला कळलं की आपण शिकलो त्यातलं इथे काहीच नाही. एक पत्र लिहून ठेवायचं होतं आणि परत उघडून दाखवायचं होतं, बस्स. तिला ते जमलं नाही. परीक्षकाने विचारलं, बाई, शिकलात कुठे? तिने खरं ते सांगितलं. खोलीतली अठरा माणसं हसली. अठरा हा आकडा तिनेच सांगितलेला, आणि दरवेळी तेवढाच. त्यानंतर निवृत्त होईपर्यंत तिने पाकिटं चिकटवली.

बाबांनी दुकानदाराला जाऊन साधा जाबही विचारला नाही. "डब्यावर कॉम्प्युटर लिहिलं होतं, मला काय स्वप्न पडलंय?" एवढंच म्हणाले. आईने त्यांना ते कधी विसरू दिलं नाही. ते जाऊन आठ वर्षं झाली, तरी त्यांचा फोटो पुसताना ती फडका जरा जोरातच फिरवायची. सुंभ जळला तरी पीळ जळत नाही, तशातली गत. माझं सगळं लहानपण त्या रागाच्या उबेत गेलं, आणि खरं सांगायचं तर मी वाढले त्याच्यावरच. दहाव्या वर्षी स्क्रू ड्रायव्हर घेऊन मी ती कॅसेट फोडली होती. लबाडी आतून कशी दिसते ते मला बघायचं होतं. आत डांबरासारखा एक काळा थेंब होता, दुसरं काही नाही. आईने मला तेव्हापासून ठिणगी हे नाव ठेवलं.

३

चष्मेवाल्याची कॅसेट मी तशीच उघडली. तोच काळा थेंब. पिना हिरव्या पडलेल्या. खोडरबरने घासल्या, स्पिरिटने पुसल्या. आत बटण सेल नाही, आठवण ठेवणारी आयसी नाही, काहीच नाही. परत बंद करून कीबोर्डात खोचली आणि टेबलावरच्या छोट्या टीव्हीला जोडली.

निळी पाटी आली. फायली आल्या, डबा आला. आणि खालच्या कोपऱ्यात घड्याळ आलं. चार वाजून दहा.

भिंतीवर माझं घड्याळ होतं. चार वाजून दहा.

मी मनाशी म्हटलं, बंद घड्याळसुद्धा दिवसातून दोनदा बरोबर असतं. वायर काढली, पाच मिनिटं दुसरं काम केलं, परत लावली. चार सोळा. भिंतीवरही चार सोळा. या यंत्राला वेळ कळायला काही साधनच नाही, हे मला माझ्या हातांइतकं पक्कं माहीत होतं. योगायोग, म्हटलं. आपल्या धंद्यात ज्याचं कारण सापडत नाही त्याला योगायोग म्हणून पुढचं काम हातात घ्यायचं असतं.

"हे कुठून आलं?"

आई मागे उभी होती. आता घर डोक्यावर घेणार, या हिशोबाने मी मान खाली घातली. पण आई पुढे आली, चष्मा सारखा केला आणि कीबोर्डवर हात ठेवून बघितला.

"गिऱ्हाइकाचं आहे गं," मी म्हटलं. "हलवणारच होते तुझ्यासमोरून."

"हलवतेस कशाला? माझ्या खोलीत लावून दे."

"कशाला? त्याने एवढं केलं ते पुरे नाही झालं?"

"ठिणगे, तुला सांगितलंय तेवढं कर," ती म्हणाली. "माझं अर्धं राहिलंय."

काय अर्धं राहिलंय, ते मी विचारलं नाही. सदुसष्ट वर्षांच्या बाईला करमणूक हवी असेल तर मी कोण नको म्हणणारी?

४

रोज दुपारी जेवण झालं की आई टाईप करायला बसायची. मी दुकानात काम करताना आवाज ऐकायचे. इतक्या वर्षांनीही तिचा वेग तसाच होता. ओळ संपली की टाईपरायटरचा दांडा सरकवायला तिचा डावा हात वर जायचा आणि कीबोर्डवर दांडा नसल्याने हवेतच फिरून खाली यायचा. त्यामुळे दर ओळीनंतर तेवढीच शांतता. खडखड, खडखड, आणि एक क्षण काही नाही. पुढे पुढे मी त्या तालावरच सोल्डरिंग करायला लागले.

"एवढं काय लिहितेस?" एकदा विचारलं.

"तुझ्या बापाची कीर्ती."

"मग पाच-दहा वर्षं पुरेल."

ती हसली. मीही हसले. मग म्हटलं, "पण बंद केलंस की पुसलं जाणार. त्यात काही राहत नाही, माहितीये ना तुला? तुझ्याइतकं कोणाला माहीत असणार म्हणा."

"राहतं की."

"राहत नाही, आई."

"बघ जा."

बघितलं. निळ्या पाटीवर तीन नव्या फायली होत्या. नवरा. कचेरी. परीक्षा. मला वाटलं, हिने बटण बंदच केलं नसेल. म्हणून मी स्वतः वायर काढली आणि उशाखाली घेऊन झोपले. सकाळी लावली. फायली जागच्या जागी. 'नवरा' उघडली तर तळाला पानांचा आकडा होता, एकेचाळीस.

या यंत्राच्या पोटात जेमतेम एक पान मावेल एवढीच जागा असते, आणि तीही वीज असेपर्यंत. मी कॅसेट परत उघडली. भिंगाखाली धरली. तो काळा थेंब दोन्ही बाजूंनी बघितला, नखाने टोकरला. मग झाकण लावलं आणि स्वतःला म्हटलं, असेल काहीतरी. थेंबाच्या आत कोणी काय भरलंय ते देव जाणे, सगळ्या बनावट मालाची तीच तर गंमत. हे स्वतःला पटवताना माझा आवाज जरा चढलेला होता, एवढं मात्र मला आठवतं.

५

पहिल्यांदा खटकलं ते बाबांच्या फोटोपाशी. आई फोटो पुसत होती, हलक्या हाताने, काच फुटेल की काय अशा बेताने.

"काय गं, आज माफी वाटतं?" मी म्हटलं.

"कसली माफी?" ती फोटोकडे बघून म्हणाली, "चेहऱ्यावरून तर बरे वाटतात. स्वभावानेही बरेच असावेत."

असावेत! छत्तीस वर्षं ज्या माणसाशी भांडली, तो स्वभावाने बरा असावा असा तिचा अंदाज होता. मी म्हटलं, थट्टा करते आहे. पण आईची थट्टा कळते, तिच्यात एक टाचणी असते. यात टाचणी नव्हती.

मग मी मुद्दाम काड्या करायला लागले. दूध उतू घालवलं. तिने ओटा पुसून घेतला. तिच्या आवडत्या कपाचा कान तोडला. "असू दे, वस्तूच ती," म्हणाली. आयुष्यात कधी तिने 'असू दे' म्हटलं नव्हतं. त्या संध्याकाळी मी दादाला फोन केला. दादा म्हणजे माझा मोठा भाऊ, दूरच्या शहरात असतो आणि तिथून सगळ्यांना शहाणपण पाठवतो.

"किती शांत झालीये आई," तो म्हणाला. "परवा माझ्याशी अर्धा तास बोलली, एक टोमणा नाही. तुला आणखी काय पाहिजे?"

"दादा, तिला परीक्षा आठवत नाहीये. मी विचारलं तर म्हणाली, कसली परीक्षा?"

"बरं झालं की मग. तूच उगाळत बसतेस."

मी फोन आपटला. उंटावरचा शहाणा नुसता.

आईला डॉक्टरकडे नेलं. तिने तारीख सांगितली, शंभरातून सात-सात वजा करत गेली, पाच वस्तूंची नावं उलटसुलट म्हणून दाखवली. वयाच्या मानाने उत्तम, असं डॉक्टर म्हणाले. तसं होतंच. तिला सगळं आठवत होतं, फक्त मधले काही तुकडे नव्हते, आणि ते शिंप्याने कापावे तसे सरळ रेषेत कापलेले होते. कचेरीत आपण कामाला होतो हे ती तारखांसकट सांगायची. तिथे काय झालं, ते नाही.

घरी आल्यावर ती झोपलेली असताना मी 'परीक्षा' ही फाईल वाचली. सगळं होतं तिथे. अठरा माणसं हसली ते होतं. शिवाय तिने मला कधीच न सांगितलेलं होतं. परीक्षेला जाताना तिच्या चपलेचा अंगठा तुटला होता आणि ती पाय घासत चालली होती. कोणी हसू नये म्हणून ती सगळ्यांच्या आधी जाऊन बसली होती. घरी येताना ती एका दुकानाच्या पायरीवर बसून राहिली, आणि मग आपल्या मुलीची शाळा सुटेल म्हणून उठली. मी पडद्यासमोर बसून रडले. रागाने रडले. इतकं लिहून काढल्यावर हिचं मन मोकळं झालं, म्हणून हिला आठवत नाही, असं मी स्वतःला समजावलं. माणसं मनावरचं ओझं टाकतात, त्यातलाच प्रकार.

मग मी ती फाईल बंद केली आणि पाटीवर चौथी दिसली. तिचं नाव होतं ठिणगी. सहा पानं झाली होती.

६

दुसऱ्या दिवशी मी कॅसेट माझ्या खणात, सोल्डरच्या रिळांखाली लपवली. आईने आरडाओरडा केला नाही. केला असता तर बरं झालं असतं. जेवणानंतर ती टेबलाशी बसली आणि नुसत्या लाकडावर बोटं चालवायला लागली. दर ओळीला डावा हात वर जायचा, हवेत फिरून खाली यायचा. संध्याकाळी जेवली नाही. दुसऱ्या दिवशीही नाही. तिसऱ्या दिवशी मी कॅसेट आणून दिली, आणि देताना स्वतःवरच चरफडले.

चौथ्या दिवशी दुपारी ती दुकानाच्या दारात आली. "बाई, माझा चष्मा दिसला का?" म्हणाली. ठिणगी नाही, कार्टी नाही, बाई. चुकून म्हणाली असेल. पण चष्मा हातात देताना तिने माझ्याकडे ज्या नजरेने पाहिलं, ती पोस्टमनकडे बघण्याची नजर होती. ओळखीची, आणि तेवढीच.

मी टेबलावरचं काम ढकललं आणि तिच्या खोलीत गेले. ती मागोमाग आली.

"बस इथे," मी म्हटलं. "आज याचा सोक्षमोक्ष लावू. हे काय आहे?"

"कॉम्प्युटर."

"चित्र आहे, आई! चित्र! यानेच तुला अठरा माणसांसमोर उभं केलं, आणि आता याच्याशी तू मनातलं बोलतेस? याच्यात काही राहत नाही, याच्यातून काही जात नाही. हा डबा बघ. हा डबासुद्धा खोटा आहे."

डब्याचं मला पक्कं माहीत होतं. लहानपणी शंभर वेळा केलं होतं. फाईल डब्यावर नेऊन सोडली की एक टिणटिण सूर वाजायचा, डबा हलायचा आणि फाईल होती तिथेच परत यायची. करणाऱ्याला तेवढंच जमलं होतं. ज्या यंत्राला ठेवता येत नाही त्याला टाकता तरी कसं येणार? मला तिला नेमकं तेच दाखवायचं होतं. दुसऱ्या कोणी इतक्या खात्रीने हात लावला नसता. अडाणी माणूस घाबरून दूर राहिला असता. मी कारागीर होते ना!

'नवरा' टाकणार होते. पण माझा राग ज्या फाईलवर होता ती दुसरीच होती. तिच्यावर माझं नाव होतं, म्हणजे ती माझी होती. बाण 'ठिणगी'वर नेला. आता पानांचा आकडा होता तीनशे बारा, आणि मधले दोन दिवस तर कॅसेट माझ्या खणात होती.

"टाकते बघ. काही होत नाही."

"नको," आई म्हणाली. हळूच म्हणाली. "अजून कार्बन कॉपी काढलेली नाही तिची."

मी सोडली.

सूर वाजला. डबा हलला. मी हसत आईकडे वळले, बघ म्हणायला. परत पडद्याकडे बघितलं तर फाईल आलेली नव्हती. डब्याचं झाकण क्षणभर उघडंच राहिलं होतं, आणि आत नावं दिसली. एकाखाली एक, बारीक चौकोनी अक्षरांत. बायकांची, पुरुषांची, लाडाची, पाळण्यातली. नुसती नावं, आणि ती खालून वर सरकत होती, थांबतच नव्हती. मग झाकण पडलं.

"आई?"

ती माझ्याकडे बघत होती. चेहरा अगदी प्रसन्न. मी तिला इतकं प्रसन्न कधी पाहिलं नव्हतं.

"झालं का दुरुस्त?" तिने विचारलं. "तुम्हाला फार त्रास दिला आम्ही."

७

याला दीड महिना झाला. चष्मेवाला येऊन गेला. त्याला मी सांगितलं की कॅसेट जळली, आणि बदल्यात माझ्याकडची एक चांगली कॅसेट दिली. तो खुशीत गेला. जाताना नव्या कॅसेटमध्ये फुंकर मारली.

दादाला खरं वाटत नाही. त्याला आई फोनवर आवाजावरून ओळखते, त्याच्या बायकोच्या गुडघ्याची चौकशी करते. माझ्याबद्दल विचारलं तर म्हणते, हो, त्या दुकानातल्या बाई, फार चांगल्या आहेत, जरा तापट आहेत इतकंच. दादा हसतो. म्हणतो, बघ, आईसुद्धा तुला तापट म्हणते.

मी सगळं करून पाहिलं. पाटीवर नवीन फाईल काढली, तिला माझं नाव दिलं आणि मला आठवलं ते लिहिलं. मला गोवर आला तेव्हा ती अकरा दिवस माझ्या उशाशी बसली होती ते. शाळेतल्या बाईंशी भांडून तिने माझा एक मार्क परत आणला ते. कॅसेट फोडली म्हणून मला बडवली आणि मग आत काय दिसलं ते कुजबुजत विचारलं, ते. आईने चष्मा लावून सगळं वाचलं.

"छान लिहिलंय," म्हणाली. "कोणाची मुलगी हो ही? मोठी गोड असणार."

मी न्हाणीत जाऊन पाणी सोडून बसले.

परवा लक्षात आलं की गोवर आला तेव्हा उशाशी आई बसली होती हे मला माहीत आहे, पण तिचा हात कपाळावर कसा लागायचा ते आठवत नाही. किती प्रयत्न केला, नाही आठवत. त्याच दिवशी मी कीबोर्डची वायर मधोमध कापली आणि पुन्हा त्या खोलीत जाणार नाही अशी कानाला खडा लावून शपथ घेतली.

काल दुपारी दुकानात पिना घासत होते. आतून आवाज येत होता. खडखड, खडखड, एक क्षण काही नाही. मी चरफडत होते की या बाईने वायर कोणाकडून जोडून घेतली. तेवढ्यात आई माझ्यासमोर चहाचा कप घेऊन उभी राहिली.

आवाज चालूच होता.

कप तिच्या हातात तसाच ठेवून मी आत गेले. वायर कापलेलीच होती, दोन्ही टोकं जमिनीवर. पडदा निळा होता. कीबोर्डसमोर कोणी नव्हतं, पण बटणं खाली जात होती, वर येत होती. टाईप होत होतं ते मी वाचलं नाही. वरचं नाव तेवढं दिसलं, माझं खरं नाव, जे शाळेनंतर कोणी वापरलेलं नाही. त्याखाली ओळ भरली आणि थांबली. डावीकडे, खुर्चीच्या पाठीइतक्या उंचीवर, हवा काहीतरी ढकलल्यासारखी सरकली. मग पुढची ओळ सुरू झाली.

"तुमच्यासाठीच आहे ते," आई मागून म्हणाली. तिने कप खिडकीत ठेवला आणि माझ्यासाठी खुर्ची ओढली, पाहुण्याला देतात तशी, हाताने धूळ झटकून. "तुम्ही दिवसभर किती धुमसत असता. मी रोज ऐकते. असं आत ठेवू नये माणसाने. बसा, घटकाभर लिहा. मला बघा किती बरं वाटलं."

आवाज थांबला. सगळी बटणं वर होती.

खोटं कशाला बोलू, मला बसावंसं वाटलं. पाय दुखत होते, दीड महिना धड झोप नव्हती, आणि समोर माझी आई मला खुर्ची देत होती. बसले असते तर आम्ही दोघी किती सुखाने राहिलो असतो. दोन भल्या बाया, एका घरात, एकमेकींची विचारपूस करत.

"नंतर बसते," मी म्हटलं. "काम आहे."

आज सकाळी उठल्या उठल्या मी उजळणी केली. बाबा, तो दुकानदार, परीक्षक, अठरा माणसं, दादा, मी स्वतः. एकेकाचं नाव घेऊन राग येतो आहे का ते तपासलं. दुकानदाराचा कमी येतोय. बाकीचे शाबूत आहेत. ही बाई माझी आई आहे हे माहीत असलेलं या घरात आता एकच माणूस उरलंय, आणि त्याला शांत होऊन चालणार नाही. आत तिने खुर्ची पुन्हा ओढून ठेवली आहे. मला हाक मारते आहे, बाई, येता ना?